डाव्या हाताची माणसं

१९८५ सालच्या ऑक्टोबरातला दुसरा रविवार. धंतोलीतल्या आमच्या दवाखान्याचं जुनं सामान भंगारात दिलं, एकशे चाळीस रुपयांना. हजर होतो तिघं : भंगारवाला, डॉक्टरांचे चिरंजीव आणि मी. दोन लोखंडी खाटा, सलाइनचं गंजलेलं स्टँड, सुया उकळायचं पितळी पातेलं, आणि सगळ्यांत शेवटी एक्स-रे बघायची जुनी दिव्याची पेटी. पेटी म्हणजे एक लाकडी खोकं, समोर दुधी काच आणि आत दोन ट्यूबलाइट. भंगारवाल्यानं ती उन्हात आणली, काचेवर बोटांनी टिचकी मारली आणि पेचकस घालून काच उचकटून काढली. आतून वास आला. आंबट, उग्र, नाकात रुतणारा. एक्स-रे धुवायच्या औषधाचा, ज्याला आम्ही हायपो म्हणायचो. वर्षानुवर्षं ओल्या फिल्मा त्या काचेवर लटकल्या, ठिबकल्या, आणि तो ओलावा खोक्याच्या लाकडानं पिऊन ठेवला होता. तुम्हालाही अनुभव असेल, वास एकटा येत नाही. या वासामागोमाग मला रक्ताचा वास आला, जळक्या टायरचा आला, आणि सहाशे वर्षांपूर्वीची इंग्रजी कविता मोठ्यानं वाचणाऱ्या एका बाईंचा आवाज ऐकू आला.

ती गोष्ट त्या रविवारच्या बरीच वर्षं आधीची; तेव्हा मी अठ्ठावीस वर्षांचा होतो आणि दवाखान्याच्या काउंटरवर पैसे घ्यायचो. कवितेशी माझा संबंध शाळेबरोबर संपलेला. बाई एका कॉलेजात इंग्रजी शिकवायच्या. चाळिशीला टेकलेल्या, अविवाहित, घरी फक्त म्हातारी आई. आईचा खुबा मोडला तेव्हा त्या पहिल्यांदा आल्या. डॉक्टरांनी आईची फिल्म पेटीवर लावली, आणि बाई हाडाऐवजी पेटीकडेच बघत राहिल्या. त्यांच्यापाशी विलायतेतल्या एका ग्रंथालयातून मागवलेल्या हस्तलिखिताची छायाचित्रं होती, बोटभर रुंदीच्या फिल्मच्या पट्ट्यांवर. ती वाचायचं यंत्र शहरात एकच होतं. त्याचा दिवा गेला होता आणि नवा दिवा दोन वर्षांपासून बोटीनं येत होता. बाई मग त्या पट्ट्या खिडकीच्या काचेला लावून भिंगातून वाचायच्या. सूर्य मावळला की अभ्यास बंद.

"डॉक्टर, ही पेटी मला संध्याकाळची वापरू द्याल?" त्यांनी विचारलं.

आमचे डॉक्टर काटोलकडचे, संत्र्याच्या बागाईतदारांच्या घरातले. हात सोन्यासारखा आणि तोंड बाभळीसारखं. ते म्हणाले, "बाई, या पेटीवर मोडलेली हाडं लागतात. तुमचं काय मोडलं?"

"माझी मुदत मोडायला आलीय," बाई म्हणाल्या.

ते खरं होतं. त्यांची नोकरी तात्पुरती होती. डॉक्टरेट झाली तर जागा पक्की होणार, नाहीतर ती दुसऱ्याला जाणार. प्रबंध द्यायची मुदत दोनदा वाढवून झाली होती. तिसऱ्यांदा वाढणार नव्हती. डॉक्टरांनी त्यांच्याकडे क्षणभर पाहिलं आणि मला हाक मारली, "ओपीडी आटपली की बाईंले पेटी लावून देत जा गा. विजेचं बिल मी पाहीन."

अशी ती संध्याकाळची बैठक सुरू झाली. बाई, मी आणि आमचा एक्स-रेवाला. एक्स-रेवाला सावनेरचा, अंगानं काटकुळा आणि जिभेनं सैल. बाई भिंग डोळ्याला लावून एकेक ओळ उतरवून घ्यायच्या आणि मग ती मोठ्यानं म्हणून पाहायच्या. ती भाषा आजच्या इंग्रजीसारखी लागत नसे. एका ओळीत तीन-चार शब्द एकाच अक्षरानं सुरू होत आणि तिथं बाई नकळत पेटीच्या कडेवर बोट आपटत. धप्, धप्, धप्, धप्. एक्स-रेवाला एकदा म्हणाला, "मॅडम, हे गाणं होय का? हे तर कोणी कुऱ्हाडीनं लाकूड फोडून राहिलं असं वाजते." बाई इतक्या हसल्या की भिंग हातातून पडलं. "ते तसंच वाजायला हवं," त्या म्हणाल्या. "यात मारच आहे सगळा."

मार म्हणजे किती, हे त्यांनी हळूहळू आम्हाला अर्थ सांगितला तेव्हा कळलं. येशूला क्रुसावर चढवण्याची हकिकत. लिहिणारी बहुधा एक जोगीण असावी, असं बाईंचं मत. देवळाला लागून असलेल्या खोलीत तिनं स्वतःला कायमचं कोंडून घेतलेलं, आणि त्या अंधारात तिला हे सगळं दिसलं. पण दिसलं ते धूसर, तेजोमय वगैरे नाही. चाबकाच्या गाठी किती, कातडं कुठून फाटलं, रक्त खाली येताना बाभळीच्या डिंकासारखं कसं थबकत येतं, खिळा पहिल्या घावात का जात नाही, मारणारे मध्येच कसे दम खातात आणि पुन्हा कसे उठतात, असं तिनं पंचनाम्यात लिहावं तसं लिहून ठेवलं होतं. आणि शेवटी तिची मागणी एकच : ज्या भाल्यानं त्याची कूस फोडली तोच भाला माझ्या कुशीत घाल. मला ऐकवेना. मी विचारलं, "बाई, देवाकडे कोणी जखम मागतं का?" बाई म्हणाल्या, "तुम्ही कधी पाहिलं नाही असं कोणी?" मग मला आमच्या गावाकडची जत्रा आठवली. पाठीच्या कातडीत लोखंडी आकडे टोचून उंच खांबाभोवती फिरणारा नवसकरी, त्याच्या पाठीचं ओढलेलं कातडं तंबूसारखं उभं राहिलेलं, आणि खाली त्याची बायको हळदीचे हात जोडून उभी. तेव्हा मी लहान होतो आणि डोळे मिटून घेतले होते. म्हणजे पाहिलं होतं. फक्त त्याचा अर्थ लावायची हिंमत केली नव्हती. बाई तीच हिंमत परक्या देशातल्या, परक्या धर्मातल्या, कधीच्या मेलेल्या एका बाईसाठी करत होत्या, धंतोलीतल्या एका खुर्चीवर बसून.

या पट्ट्यांबरोबर ग्रंथालयानं हस्तलिखितातल्या एका चित्राची वेगळी फिल्म पाठवली होती, पोस्टकार्डाएवढी, सुटी. चित्रावर अक्षर एकही नव्हतं. मध्ये क्रूस, भोवती मारणाऱ्यांचा घोळका. एकाच्या हातात हातोडा, एकाच्या हातात चाबूक, एकानं तलवार उपसलेली, आणि एक भालेकरी. भाला येशूच्या डाव्या कुशीत घुसलेला, काळजाच्या बाजूला. बाईंनी सांगितलं की त्या काळच्या चित्रांत ही जखम बहुतेक उजव्या कुशीत काढायचा रिवाज होता. इथं ती डावीकडे होती. आणि त्याहून मोठी गोष्ट म्हणजे हातोडा, चाबूक, तलवार, सगळं डाव्या हातात. घोळक्यातला एकूण एक माणूस डावखुरा.

"बघा," बाई मला म्हणाल्या तेव्हा त्यांचा आवाज बदलला होता. "चित्रकारानं त्यांना वेगळं काढलं. ही आपल्यासारखी माणसं नव्हेत, हे त्यानं हातांवरून सांगितलं. अशुभाचा हात तो डावा, आणि काळजावरचा वारही त्याच हाताचा." त्या एका चित्रावर त्यांनी अख्खं प्रकरण उभं केलं. एक्केचाळीस पानं. त्यांच्या मार्गदर्शकांनी ते वाचून सांगितलं की प्रबंधात नवा शोध म्हणण्याजोगं काही असेल तर हेच. सीताबर्डीवरच्या एका टायपिस्टकडे सगळं टाइप होऊन तयार झालं. मुदत संपायला अकरा दिवस उरले होते. बांधणी तेवढी बाकी होती.

आणि त्याच आठवड्यात शहर पेटलं.

कारण काय होतं ते मी लिहीत नाही. सुरुवात कोणी केली यावर दोन्हीकडचे लोक अजून भांडतात, आणि दोन्हीकडची माणसं आमच्या एकाच टेबलावर शिवली गेली, एवढं मला माहीत आहे. बाई दुपारी चारच्या सुमारास शेवटची दोन उद्धरणं ताडून पाहायला आल्या होत्या. पाऊण तासात पोलिसांची गाडी भोंग्यावरून कर्फ्यू पुकारत गेली आणि त्या आमच्याकडे अडकल्या. मग माणसं यायला लागली. सायकलरिक्षात, हातठेल्यावर, कोणाच्या पाठीवर. सोडावॉटरच्या बाटल्यांनी फोडलेली तोंडं. सळयांनी वाकवलेले हात. एका म्हाताऱ्याचा कान लोंबत होता आणि तो तळहातानं जागच्या जागी धरून "नंबर केव्हा लागन?" असं विचारत होता. एकाच्या पायात लाकडाची ढलपी आरपार गेली होती. व्हरांड्यात पाय ठेवायला जागा नव्हती, आणि जिथं जागा होती तिथं पाय घसरत होता. फाटकाबाहेर घोषणा, मध्येच काच फुटल्याचा आवाज, मध्येच बाईमाणसाची किंकाळी. मी गल्ला बंद करून चावी खिशात टाकली आणि बादली-फडकं घेतलं. बाईंनी पदर खोचला. पेटीवरची आपली फिल्म काढून त्यांनी पुस्तकात ठेवली आणि विचारलं, "मी काय धरू?" त्या दिवशी त्यांनी हात धरले, डोकी धरली, दिवा धरला, आणि एका पोराच्या हाडाचं टोक कातडीतून बाहेर आलेलं असताना त्याचा घोटा धरून ओढला, डॉक्टरांनी सांगितलं तसा. तो आवाज मी इथं सांगत नाही.

अंधार पडायच्या आत एका तिशीतल्या माणसाला चौघांनी दारावर घालून आणलं. खरोखरच्या दारावर, बिजागऱ्यांसकट उखडलेल्या. तो एका मिलमध्ये फिटर होता. छातीवर मारलं होतं. ओठ निळे झालेले, श्वास आत जातच नव्हता. डॉक्टरांनी त्याची फिल्म काढायला लावली. एक्स-रेवाल्यानं ती धावत धुतली आणि पाणी गळत असतानाच पेटीवर लटकवली. डॉक्टरांनी एक नजर टाकली. "बरगडी फुफ्फुसात घुसली. डावीकडं हवा भरली आहे, हृदय पार उजवीकडं ढकललं. सुई!" जाड पोकळ सुई उकळून तयार होती. बाईंनी त्या माणसाचा डावा हात डोक्यावर ओढून धरला, कूस मोकळी केली. मी दिवा धरला. डॉक्टरांनी बरगड्यांमधली जागा बोटानं चाचपली, सुई टेकवली, आणि काय वाटलं कोण जाणे, दुसऱ्या हातानं स्टेथोस्कोप लावला.

"अरे! इथं तर श्वास वाजून राहिला!"

त्यांनी मान वळवून पेटीकडे पाहिलं. मग एक्स-रेवाल्याकडे. "कोण्या गाढवानं फिल्म उलटी लावली?" आणि कोणाला काही कळायच्या आत डाव्या हाताची सणसणीत थप्पड त्याच्या गालावर बसली, उजव्या हातात सुई होती ना. एक्स-रेवाला भिंतीवर आपटला. "साहेब, मार्का लावाले वेळच नाही भेटला," तो कसाबसा म्हणाला. मार्का म्हणजे फिल्मवर उजवं-डावं कळावं म्हणून ठेवायचं शिशाचं अक्षर. ते नसलं की छातीची फिल्म दोन्ही बाजूंनी सारखीच खरी दिसते. त्या माणसाचं उजवं फुफ्फुस मिटलं होतं. आम्ही त्याचं चालू असलेलं डावं फोडायला निघालो होतो. एका बोटाचं अंतर राहिलं होतं.

बाजू बदलली. सुई उजव्या कुशीत गेली आणि सायकलच्या ट्यूबमधून हवा सुटावी तसा लांब फुस्स आवाज झाला. मग रबरी नळी, नळीचं टोक पाण्याच्या बाटलीत, आणि बाटलीत बुडबुडे. ओठांचा निळा रंग हळूहळू ओसरला. बाईंनी तोवर त्याचा हात सोडला नव्हता. त्या कुशीतल्या भोकाकडे बघत होत्या. नळीच्या बाजूनं थोडं रक्त आणि पाण्यासारखं काही पाझरत होतं.

सकाळ झाली तरी कर्फ्यू होताच. एक्स-रेवाला सुजलेला गाल घेऊन चहा वाटत होता. मी विचारलं, "दुखतं का?" तो म्हणाला, "गाल दुखते, पण साहेबाचा निशाणा पाहा, मले मारतानी बाजू नाही चुकले." डॉक्टर पलीकडून ओरडले, "चहा दे, भाषण नको देऊ!" आणि मग त्याच्या हातातला कप घेताना त्यांनी त्याच्या खांद्यावर क्षणभर हात ठेवला. आमच्याकडे माफी अशीच मागतात.

फिटर शुद्धीवर आला होता. बाई त्याच्याजवळ बसल्या. त्यांनी विचारलं, "कोण होते ते? ओळखीचे?"

"ओळखीचेच जी." एकेक शब्दाला त्याला थांबावं लागत होतं. "आमच्याच गल्लीतले. एक तर सुतार. ज्या दारावर मले आणलं न, ते त्यानंच बसवलं होतं. दिवाळीत."

"मग काहून मारलं त्यानं?" एक्स-रेवाल्यानं विचारलं.

"मले काय माहीत! मी म्हटलं, भाऊ, मी आहो ना. तो म्हणे, माहीत आहे." फिटरनं नळी नसलेल्या बाजूचा हात उचलायला पाहिला, मग थांबला, आणि वेदना सोसत दुसरा, उजवाच उचलला. "असा आला तो हातोडा घेऊन. असा."

बाई त्या उचललेल्या हाताकडे बघत राहिल्या. मग उठल्या. पुस्तकातून चित्राची फिल्म काढली आणि पेटीचा दिवा लावला. फिल्म नेहमीसारखी लावली. घोळका नेहमीसारखा उजळला, डाव्या हातांचा. मग त्यांनी ती क्लिपमधून काढली, पलटली, पुन्हा लावली. मी मागे उभा होतो. भाला उजव्या कुशीत गेला. हातोडा उजव्या हातात आला. चाबूक, तलवार, सगळं उजव्या हातात. फिल्मची जी कड इतके महिने बाजूच्या क्लिपखाली दडत होती ती आता उघडी पडली होती, आणि तिच्यावर फिल्म बनवणाऱ्या कारखान्याचं नाव बारीक अक्षरांत सरळ वाचता येत होतं. संशयाला जागाच राहिली नाही.

"साधी माणसं आहेत," बाई म्हणाल्या. "सगळी उजव्या हाताची, साधी माणसं." आणि त्यांनी भिंग इतक्या जोरात टेबलावर आपटलं की त्याला तडा गेला. त्या रडतील असं मला वाटलं, पण त्यांच्या चेहऱ्यावर राग होता. दंगलीवर, सुतारावर की स्वतःवर, मला सांगता येणार नाही. बहुधा तिन्हींवर.

तिसऱ्या दिवशी कर्फ्यूत दोन तासांची ढील मिळाली. माझ्याकडे दवाखान्याचा कर्फ्यू पास होता, म्हणून डॉक्टरांनी मला बाईंबरोबर पाठवलं. रस्त्यावर जळक्या हातगाड्यांचे सांगाडे, डांबरात रुतलेल्या काचा, एका बंद दुकानापुढे एकच चप्पल. रामदासपेठेत मार्गदर्शकांच्या घरी आम्ही पोचलो. भले गृहस्थ होते; दरवाजा उघडण्याआधी आतून दोनदा नाव विचारलं. बाईंनी फिल्म दाखवली आणि सगळं सांगितलं. त्यांनी फिल्म परत बाईंच्या हातात दिली.

"मूळ पान समुद्रापलीकडे आहे," ते म्हणाले. "तपासायला कोण जातंय? परीक्षकांपुढे तुमची अक्षरं जातील, फिल्म जाणार नाही."

"मी पाहिलंय, सर."

"बाई, आठ दिवस उरलेत. हे प्रकरण काढलंत तर प्रबंधात उरतं काय?"

"मारणारे आपल्यासारखे होते, एवढं उरतं. तिच्या कवितेतही तेच आहे. ते दम खातात, हातावर थुंकतात, एकमेकांना चेष्टेनं बोलतात. मी ते वाचलं होतं. चित्र हाताशी आलं आणि मी कविता वाचायची थांबले."

"याला शोध कोण म्हणेल? आणि पदवी?"

"नाही दिली तर नाही."

सर माझ्याकडे वळले. "तुम्ही तरी समजवा यांना. नोकरी जाईल, घरी आई आहे." मी हिशोबाचा माणूस. एका बाजूला पक्की नोकरी, आईचं औषधपाणी, सहा वर्षांची मेहनत. दुसऱ्या बाजूला कोणाला कधीही न दिसणारी एक चूक. बेरीज करायला काहीच अवघड नव्हती. पण मी दिवा धरला होता त्या संध्याकाळी, आणि सुई टेकलेली पाहिली होती. मी म्हणालो, "सर, उलटी फिल्म माहीत झाल्यावर तशीच नाही ठेवता येत." एवढंच सुचलं. सरांनी चष्मा काढून पुसला आणि म्हणाले, "ठीक आहे. नऊ-दहा पानांत नवं काही लिहून आणा. मी सही करतो. पण जबाबदारी तुमची."

बाईंनी ती नऊ पानं आमच्याच व्हरांड्यात बसून लिहिली. कण्हणाऱ्या माणसांच्या मध्ये, मांडीवर पाटी घेऊन. जुनं प्रकरण त्यांनी आधी आडवं फाडलं, मग उभं फाडलं, आणि तुकडे पायाखाली दाबले, जसं कोणी विंचू चिरडतं. मी त्यांना असं कधी पाहिलं नव्हतं. पण लिहायला बसल्या आणि हात स्थिर झाला. त्या पानांत त्यांनी त्या मारणाऱ्यांबद्दल लिहिलं, त्यांचं दम खाणं, त्यांच्या चेष्टा. आणि कोंडून घेतलेल्या त्या बाईला ते इतके स्पष्ट का दिसले असतील याबद्दल. तिच्या खिडकीखालून रोज जाणारीच माणसं असणार ती, असं त्यांचं म्हणणं. हे त्यांनी मला मराठीत वाचून दाखवलं. फिटरही ऐकत होता. तो म्हणाला, "खरं आहे जी," आणि भिंतीकडे तोंड करून झोपला.

प्रबंध मुदतीच्या आदल्या दिवशी दाखल झाला. पुढच्या वर्षी पदवी मिळाली, पण कौतुकाचा शब्द नाही. एका परीक्षकानं लिहिलं की तिसरं प्रकरण, म्हणजे तेच नऊ पानांचं, त्रोटक वाटतं. जागा पक्की झाली. आई गेल्यावर बाई बदली घेऊन दुसऱ्या शहरात गेल्या, आणि आता कुठं असतील मला ठाऊक नाही. फिटर त्याच गल्लीत परत गेला, कारण जायला दुसरं घर नव्हतं. शहरानं पुढं आणखी दंगली पाहिल्या आणि दर वेळी लोक म्हणाले, बाहेरची माणसं आली होती, आपल्यातली नव्हती. हे वाक्य ऐकलं की मला दुधी काचेवरचा तो घोळका आठवतो. आपल्याला मारणारा माणूस डावखुरा असावा, परका असावा, त्याच्या अंगावर काहीतरी खूण असावी, असं मनाला फार वाटतं. इतकं वाटतं की सहा-सहा वर्षं शिकलेलं डोकंही फिल्म पलटून पाहत नाही. आणि एकदा पलटली की पुन्हा पहिल्यासारखी दिसत नाही. जे उरतं ते एवढंच, आणि ते काही सुखाचं नाही.

एक गोष्ट सांगायची राहिली. प्रबंध दाखल झाल्यावर बाई आणि मी सीताबर्डीवर टायपिस्टचा हिशोब करायला गेलो. बाकी पानांचे पैसे आधीच चुकते झाले होते. पानाला पन्नास पैसे, कार्बन प्रतींसह. टायपिस्टनं नव्या नऊ पानांचे साडेचार रुपये सांगितले.

"आणि आधीची एक्केचाळीस?" बाईंनी विचारलं.

"ते तर तुम्ही फाडून टाकले ना वं बाई," टायपिस्ट म्हणाला. म्हातारा माणूस, बाईंना मुलीसारखं बोलायचा. "वाया गेलेल्या मालाचे पैसे घेऊन मी काय करू?"

"काका, त्या एक्केचाळीस पानांत तुमची चूक एकही नव्हती," बाई म्हणाल्या.

त्यानं आणखी दोनदा नाही म्हटलं. बाई उठल्या नाहीत. शेवटी साडेवीस आणि साडेचार मिळून पंचवीस रुपये, रोख, टायपिस्टला दिले.